दोन पांढरी पोलकी

"त्यायनं जवाबच नाही देल्ला वं मालूताई. माह्यातच काई कमी दिसली असन त्यायले."

अंगणातून आत्याचा आवाज आला तेव्हा मी कूलरच्या टाकीत पाणी ओतत होते. बादली अर्धी झाली होती, ती तशीच हातात धरून उभी राहिले. बाहेर कडुनिंबाच्या सावलीत आत्या आणि शेजारच्या मालूताई समोरासमोर बसून गव्हाचा चीक गाळत होत्या. तीन दिवस भिजवून वाटलेला गहू फडक्यात घालायचा, दोघींनी दोन टोकं धरायची आणि पिळायचं. खाली गंजात, म्हणजे पातेल्यात, दुधासारखी धार पडते. उद्या सकाळी तो शिजवून त्याच्या कुरड्या. मालूताईंच्या मुलीने, सुनंदाने, यंदा दहावीची परीक्षा दिली आहे आणि नर्सिंगच्या ट्रेनिंगचा फॉर्म आणून ठेवला आहे. तो भरू द्यावा की नाही, हे विचारायला त्या आल्या होत्या. आत्याही एकदा नर्स होणार होती, हे वाडीतल्या जुन्या लोकांना माहीत आहे.

"मंग नको भरू द्यू म्हन्ता?"

"नकोच. आपल्यासारख्याईले थे घेत नाई. नाई घेत तं नाई, सांगतबी नाई. पोट्टी रोज फाटकात उभी राहीन पोस्टमनची वाट पाहत. थे लई वाईट राह्यते, मालूताई."

फडकं पिळलं गेलं. धार पडली. मी बादली खाली ठेवली, पुन्हा उचलली, पुन्हा ठेवली.

नागपूरच्या वेशीवरच्या आमच्या वाडीला उन्हाळा डांबराच्या वासाने येतो. अमरावती रोडवर ट्रकांची रांग, गोडाऊनच्या पत्र्यांवरून उठणारी झळ, डिझेल, तापलेल्या ताडपत्र्या, आणि त्यातच घराघरातून येणारा नव्या वाळ्याचा ओला, मातकट गारवा. नागपूरच्या माणसाला वाळ्याचा वास आला की काहीतरी सुखाचं आठवतं. मामाचं गाव, पत्ते, दुपारची लांब झोप. मला अठ्ठ्याहत्तरचा नवतपा आठवतो, मेअखेरचे ते नऊ जळते दिवस. आमच्याकडे दरवर्षी एप्रिलमध्ये कूलरचा वाळा बदलतात, म्हणजे मला दरवर्षी एप्रिलपासूनच ते सुरू होतं आणि पहिल्या पावसाने कूलर बंद होईपर्यंत चालतं. आठ वर्षं झाली.

त्या वर्षी मी दहावीची परीक्षा देऊन निकालाची वाट पाहत होते. सोळा वर्षांची. वाडीहून रोज बसने शहरात कॉन्व्हेंटला जाणारी आमच्या ओळीतली मी एकटीच मुलगी होते. शाळेत मला गावठी समजत आणि वाडीत मेम. दोन्हीकडे न बोलणं सोपं जाई, म्हणून मी बोलत नसे. न बोलणाऱ्या माणसासमोर लोक वाट्टेल ते बोलतात. एखाद्या कपाटासमोर बोलावं तसं. त्यामुळे मला घरातलं सगळं माहीत असे.

बाबा एका ट्रान्सपोर्ट कंपनीच्या गोडाऊनवर मॅनेजर होते. कंपनीचं मोठं ऑफिस मुंबईला आणि पत्रव्यवहार इंग्रजीत. आठवीपासून ती पत्रं मी लिहीत आले. बाबा संध्याकाळी येऊन मराठी-हिंदीत मजकूर सांगायचे, मी इंग्रजी करायचे, आणि बाबा ते आपल्या अक्षरात उतरवून काढायचे. एकदा मुंबईचे साहेब घरी आले. "तुमचं ड्राफ्टिंग फार सुंदर असतं," असं बाबांना म्हणाले. मी चहाचा ट्रे घेऊन उभी होते. बाबा हसले आणि म्हणाले, "बस्स, प्रॅक्टिस आहे." ते साहेब गेल्यावर बाबा माझ्याशी दोन दिवस नीट बोलले नाहीत. जणू माझ्या हातून काही चूक झाली होती.

लोकांना वाटतं, बिघडलेल्या घरात आरडाओरडा होतो. भांडी आपटतात. आमच्या घरात कधी भांडं आपटलं नाही. आई आणि बाबा एकमेकांशी जवळजवळ बोलत नसत. का, ते मला आजही ठाऊक नाही. माझ्या आठवणीच्या आधीच कधीतरी ते थांबलं असावं. आई आणि आत्या तर समोरासमोर बसूनही बोलत नसत. "बेबी, बाईले सांग, वरनात मीठ जास्त झालं," आई मला म्हणायची. आत्या तीन हात अंतरावर पोळी लाटत असे. मी तिच्याकडे बघायची. ती माझ्याकडे बघून म्हणायची, "वहिनीले सांग, उद्यापासून कमी टाकीन." मग मी आईकडे बघायची. मला काही सांगावंसुद्धा लागत नसे. फक्त मान वळवावी लागे. असं जेवण रोज.

आत्या पारशिवनीकडच्या एका खेड्यातून, सासरहून, एक ट्रंक घेऊन आली तेव्हा मी बारा वर्षांची होते. तिच्या नवऱ्याने दुसरी बाई आणून घरात ठेवली होती. ती आली त्याच्या दुसऱ्या दिवशी आईचं डोकं दुखलं आणि ती आडवी झाली. आत्याने चूल पेटवली. त्यानंतर आईचं डोकं उतरलं असेल, पण चुलीशी ती परत गेली नाही. आमच्याकडे मोठे निर्णय असेच व्हायचे.

आत्याच्या हाताबद्दल मात्र लिहिलं पाहिजे. रुंद, गरम, कोरडे हात. माझ्या केसांना तेल लावताना ती बोटं टाळूवर अशी फिरवायची की शाळेतला सगळा दिवस उतरून जाई. शेजारच्या खोलीत एका ट्रक ड्रायव्हरची बायको अडली होती. दवाखाना लांब आणि गाडी मिळेना. तेव्हा आत्या उठून गेली. दुपारभर आम्ही ऐकत होतो, ती त्या बाईशी एकसुरात बोलत होती, "झालं माय, झालंच आता, माह्या हाताले धर." बाळ झालं. त्या बुधवारी मिशनच्या दवाखान्याची गाडी वाडीत आली. दर बुधवारी यायची. त्यातल्या केरळच्या सिस्टरने ते बाळ तपासलं, नाळ कोणी कापली विचारलं आणि आमच्या दारात येऊन उभी राहिली. मोडक्या मराठीत आत्याला म्हणाली, "तुमचा हात चांगला आहे. शिकणार?"

आत्या सातवी पास होती. तेवढं पुरत होतं. दोन वर्षांचं ट्रेनिंग, राहायला तिथेच हॉस्टेल, मग त्यांच्याच दवाखान्यात नोकरी. फॉर्म इंग्रजीत होता, तो मी भरला. बाबा तेव्हा हसले होते. "भर भर. कोन घेऊन राहिलं हिले!" आत्याने कुठून तरी पांढरं कापड मिळवलं आणि हाताने दोन पोलकी शिवली. नर्सबाईंचे कपडे पांढरे असतात एवढंच तिला माहीत होतं. ती घालून दाखवायला तिला लाज वाटली. ट्रंकेत तळाशी ठेवताना तिने मला फक्त त्यांच्यावरून हात फिरवू दिला. "साजरी आहेत ना वं?" मी मान हलवली. मला ती अजिबात साजरी वाटली नव्हती. मला ती निघून जाण्याचे कपडे वाटले होते.

नवतपा सुरू झाला त्या आठवड्यात उत्तर आलं. आत्या दळण आणायला गेली होती. पाकीट मी फोडलं. तिची निवड झाली होती. जूनच्या पहिल्या आठवड्यात हजर व्हायचं, सोबत दोन चादरी आणि एक थाळी आणायची. खाली सिस्टरने शाईने लिहिलं होतं की काही अडचण असेल तर ती स्वतः घरी येऊन बोलेल.

मी ते बाबांना दिलं. आत्याला द्यायला हवं होतं. पण इंग्रजी कागद बाबांना द्यायचा, ही मला सवय होती.

त्या दुपारी कूलरसमोर जे झालं ते माझ्या आठवणीत आई-बाबांचं सर्वांत लांब संभाषण आहे.

"मेमांच्या दवाखान्यात जाऊन लोकायचं गू-मूत काढन आता आपली बहीन," बाबा म्हणाले. "गावात काय तोंड दाखवू?"

आईने डोक्यावरची ओली पट्टी काढली. सरळ बाबांकडे पाहिलं. मध्ये मी नव्हते. "अन् मंग सैपाक कोन करन?"

"थेच तं."

"बेबीचं कॉलेज सुरू होईन. डबा कोन करन?"

"थेच म्हनून राहिलो ना मी!"

दोघांचं एकमत झालेलं मी पहिल्यांदा पाहिलं. त्यात एक प्रकारची माया होती, हे मला लिहायला आवडत नाही, पण होती. बाबांनी आईला पाणी पाहिजे का विचारलं.

मग ते माझ्याकडे वळले. "लिही. येऊ नाही सकत म्हनून लिही, तिच्याकडून. नाहीतर थे सिस्टर येऊन बसन इथं. अन् वेणूले सांग, दवाखान्यानं विचारलं, तयार आहे का. तं तयार आहे असं लिवलं. सही घे."

मी लिहिलं. चार ओळी बाबांनी सांगितल्या होत्या. पत्र मिळालं, आभार, घरच्या अडचणीमुळे येऊ शकत नाही, क्षमस्व. बाबांनी बोट फिरवत कागद वाचला. शेवटाशी अडले. "हे खालचं काय?"

"असं लिहायची पद्धत असते," मी म्हणाले.

कॉन्व्हेंटला घातलेल्या मुलीला पद्धत माहीत असणारच. त्यांनी मान डोलावली.

आत्या पिठाचे हात पदराला पुसत आली. "काय लिवलं वं?" मी कागदाकडे बघत, एकेका ओळीवर बोट ठेवत तिला सांगितलं: मी यायला तयार आहे. केव्हा यायचं ते कळवावं. माझ्या घरच्यांची संमती आहे. हे शेवटचं मीच घातलं, कारण ते ऐकून तिने बाबांकडे ज्या नजरेने पाहिलं असतं ती मला पाहायची होती. तिने पाहिलंही. बाबा कूलरची दिशा ठीक करत होते. तिने मराठीत सही केली, आधी सगळी अक्षरं आणि मग वर एक सरळ रेघ, शाळेत शिकवतात तशी. "तुह्या अक्षरात माहं नाव लई चांगलं दिसते," सहीखाली मी लिहिलेल्या इंग्रजी नावाकडे बघून ती म्हणाली.

पत्र पेटीत मीच टाकलं. रस्त्याच्या पलीकडे लाल पेटी होती. दोन ट्रक जाईपर्यंत थांबावं लागलं. पत्रा इतका तापला होता की बोटाला चटका बसला.

ही गोष्ट मी लिहायचा प्रयत्न पूर्वीही केला आहे. कॉलेजच्या वार्षिकांकासाठी एकदा, एका दिवाळी अंकाच्या स्पर्धेसाठी एकदा, आणि एकदा नुसतीच, इंग्रजीत. तिन्ही वेळा तिचं कौटुंबिक नाट्य झालं. नावं बदलली, वाडीचं दुसरंच गाव केलं. क्रूर भाऊ, आळशी वहिनी, सोशिक बहीण, आणि टेबलाशी थरथरत्या हाताने लिहिणारी एक मुलगी. वार्षिकांकातल्या कथेचं कौतुक झालं. बाईंनी वर्गात वाचून दाखवली. एक मुलगी रडली. कथेतल्या मुलीचा हात थरथरतो त्या वाक्याशी ती रडली.

माझा हात थरथरला नव्हता. आणि तिन्ही कथांमध्ये पत्र चार ओळींचं होतं.

पाचवी ओळ अशी होती: या विषयावर कृपया माझ्याशी पुन्हा बोलू नये, त्याने मला फार यातना होतात. ती बाबांनी सांगितली नव्हती. त्यांना ती सुचलीच नसती. शाळेच्या पुस्तकातल्या एका पत्रात तसलं वाक्य होतं, ते मला आवडायचं. ते मी तिथे बसवलं, कारण चार ओळींचं पत्र वाचून सिस्टर बुधवारी आली असती, दारात उभी राहिली असती, आत्याशी बोलली असती, आणि आत्या गेली असती. मग मी या दोघांबरोबर एकटी राहिले असते. मान कोणाकडून कोणाकडे वळवायची, तेही उरलं नसतं. माझ्या केसांना तेल कोण लावणार होतं? आईने डब्याचं विचारलं तेव्हा मला तिची किळस आली होती. माझा प्रश्न त्याहून फारसा वेगळा नव्हता. फक्त तो मी तोंडाने विचारला नाही.

त्या जूनमध्ये आत्या रोज अकराच्या सुमाराला फाटकाशी जाई. हातात काहीतरी घेऊन, तांदूळ निवडायचं ताट नाहीतर भाजी, म्हणजे उगाच उभी आहे असं वाटू नये. पोस्टमन सायकलवरून पुढे गेला की ती तेवढीच भाजी घेऊन परत येई. एका बुधवारी गाडी आली. आत्या पदर सारखा करून रस्त्याच्या कडेला उभी राहिली, मी खिडकीत. सिस्टर उतरली. तिने आत्याला पाहिलं, थांबली. मग हात जोडले, खूप हळू, एखाद्याच्या घरी दुःख झालं असताना जोडतात तसे, आणि "बरे आहात ना?" एवढं म्हणून पुढे गेली. ती चांगली बाई होती. लिहून मागितलेलं तिने पाळलं.

आत्या परत आली आणि तिने कणीक भिजवली.

"पत्ता बराबर लिवला होता ना वं बेबी?" तिने मला एवढंच, एकदाच विचारलं.

"हो," मी म्हणाले. त्या सगळ्या प्रकरणात मी तिला सांगितलेली एवढीच खरी गोष्ट.

पावसाळ्यानंतर गाडी यायची बंद झाली. पुढच्या उन्हाळ्यात चीक गाळायला फडकं सापडेना, तेव्हा आत्याने ट्रंक उघडली, एक पोलकं काढलं आणि माझ्यासमोर बसून त्याची शिवण उसवली. बाह्या वेगळ्या, पाठ वेगळी. "बसल्या बसल्या कुजून राहिलं होतं," म्हणाली. दोन वर्षांनी दुसरं. त्या कुरड्या आम्ही वर्षभर खातो. पाहुण्यांना तळून देतो. लोक म्हणतात, वेणूबाईंच्या कुरड्या पांढऱ्याशुभ्र होतात.

आता मी शहरात एका ऑफिसात पत्रव्यवहाराच्या टेबलावर आहे. बाबा रिटायर झाले. दुपारभर कूलरसमोर पडून असतात आणि पेपर छातीवर घेऊन डोळे मिटतात. आई त्यांच्या पायथ्याशी. त्या उन्हाळ्यानंतर दोघं अधूनमधून एकमेकांशी बोलू लागली. मी पाहिलेला त्यांच्या संसारातला चांगला काळ तो तेव्हापासूनचा आहे, आणि तो कशावर उभा आहे हे आम्हा तिघांना माहीत आहे. चौथीला माहीत नाही. ती आम्हा तिघांचा स्वयंपाक करते.

मी स्वतःला समजावत आले की आता सांगून काय उपयोग. आत्या अठ्ठेचाळीस वर्षांची झाली. गुडघे धरतात. सांगितलं तर तिचं जाईल ते जाईल, वर घरही जाईल. तिला वाटतं, दवाखान्याने आपल्याला पसंत केलं नाही. वाटू दे. परक्यांनी नाकारलेलं सोसतं, घरच्यांनी फसवलेलं सोसत नाही. हे वाक्य मी वहीत लिहूनही ठेवलं होतं. बरं दिसतं. त्यात पाचव्या ओळीसारखाच डौल आहे.

आज बादली हातात धरून उभी होते तेव्हा मला पहिल्यांदा दिसलं की आत्या नुसतं सोसत बसलेली नाही. तिने त्यातून एक शहाणपण काढलं आहे आणि ते ती सुनंदाला देऊन राहिली आहे. आपल्यासारख्याईले थे घेत नाई. सोळा वर्षांची सुनंदा, परवा मला विचारत होती की फॉर्मवर नाव आधी लिहायचं की आडनाव.

"तुमी म्हन्ता तं खरं असन," बाहेर मालूताई म्हणत होत्या. "तुमी तं भोगलं आहे. फॉर्म चुलीत टाकून देतो मी."

मी दारात आले. ऊन डोळ्यांवर आलं. आत कूलर घरघरत होता आणि बाबांचा पेपर सळसळला, म्हणजे ते जागे होते. आत्याने वर पाहिलं. दोन्ही हात कोपरापर्यंत पांढरे. फडक्याच्या एका कडेला अजून शिवणीची भोकं दिसतात, रांगेत, बारीक.

"काय झालं वं? पानी संपलं का?"

तिच्याशी मी नेहमी शाळेतल्या मराठीत बोलते, बोललेच तर. ते मराठी मला त्या क्षणी सापडेना.

"मालूताई, फॉर्म जाळू नका," मी म्हणाले. "आत्या, त्यायनं जवाब देल्ला होता. तुले घेतलं होतं त्यायनं. तू येत नाई असं मी लिवलं, अन् तुह्याकडून सही घेतली. येत नाई, हे बाबांनी लिवाले सांगितलं होतं. पन सिस्टरनं पुन्हा तुह्याशी बोलूच नये, हे कोनं नाही सांगितलं मले. थे मी माह्या मनानं लिवलं."